चोवीस तासांची बाई की तासाभराची सिस्टर?

डॉक्टरांनी 'आता घरी न्या, त्रास होणार नाही एवढं बघू' असं सांगितलं की घरात एकच चर्चा सुरू होते : माणूस कुठलं ठेवायचं? बेळगावात दोन वाटा दिसतात. एक, ब्युरोकडून, म्हणजे घरी राहून पेशंट सांभाळणाऱ्या बायका पुरवणाऱ्या एजन्सीकडून, चोवीस तास राहणारी बाई. दुसरी, पॅलिएटिव्हचं, म्हणजे बऱ्या न होणाऱ्या पेशंटचा त्रास कमी करायचं, काम केलेली सिस्टर. ती दिवसातून एकदा येते आणि तासाभरात जाते. आमच्या आप्पांना अन्ननलिकेचा कॅन्सर होता, उपचारांची फाइल मिरजेची, घर बेळगावातल्याच शहापुरात. आम्ही आधी बाई ठेवली, नंतर सिस्टर लावली. त्यामुळे तुलना एकाच घरातली, एकाच माणसाच्या उशाजवळची आहे. तुमच्याकडे वेगळा अनुभव येऊ शकतो, हे धरूनच वाचा.

हॉस्पिसचं, म्हणजे शेवटच्या दिवसांत पेशंटला ठेवून सांभाळणाऱ्या संस्थेचं, आम्हीही विचारून बघितलं होतं. मुंबईचं शांती अवेदना सदन हे देशातलं पहिलं, १९८६ चं. त्याची गोव्यातही शाखा आहे. बेंगळूरला करुणाश्रय आहे, तिथं पैसे घेत नाहीत. पण कूस बदलतानाही कळवळणाऱ्या माणसाला चोर्ला घाटातून गोव्याला न्यायचं, नाहीतर पाचशे किलोमीटर बेंगळूरला, आणि वर गावातल्या भाऊबंदांनी भेटायला कसं जायचं? तुमचं माणूस अजून बसून प्रवास करत असेल तर जरूर चौकशी करा. आमच्यासाठी तो विषय तिथंच संपला.

आता बाई. तिच्या बाजूनं बोलायचं तर रात्र तिची असते. डायपर, आंघोळ, उचलून बसवणं, हे सगळं ती न कुरकुरता करते. मुलं पुण्या-बेंगळुराला आणि घरात दोघं म्हातारी, अशी घरं टिळकवाडीत गल्लीगणिक आहेत. त्यांना हिच्याशिवाय गत्यंतर नाही. आमच्याकडे आलेल्या बायका मनानं चांगल्या होत्या. खानापूर, बैलहोंगलकडच्या, हातात पडणारा पगार बेताचा, ब्युरो आपला वाटा आधी कापून घेतो.

बिनसलं ते बदलीवरून. ब्युरो आठवडा-दहा दिवसांनी बाई बदलायचा. कधी तिच्या गावची जत्रा, कधी दुसऱ्या घरी जास्त पैसे. नवी बाई पिशवी घेऊन दारात उभी राहिली की आमचं पुराण पहिल्यापासून सुरू : उजव्या कुशीवर दुखतं, डाव्या वळवा, माकडहाडाशी जखम होऊ घातलीय, चमचा ओठाच्या कोपऱ्यातून द्यायचा, त्यांना 'आजोबा' म्हटलेलं चालत नाही. आणि हे सगळं आप्पांच्या देखत. स्वतःच्या देहाची अशी यादी ते दर वेळी डोळे मिटून ऐकायचे. अर्ध्यावर आलेल्या लुगड्याच्या मागावर दर आठवड्याला नवा विणकर बसवला तर कापडाचं काय होईल, हे आमच्या शहापूर-वडगावात कुणाला सांगावं लागत नाही. एका बदलीनंतर आप्पांनी नव्या बाईकडे बघणंच सोडलं. ती खोलीत चोवीस तास होती, आणि खोलीत कुणीच नव्हतं.

दुसरी अडचण जेवणाची. बाईला वाटतं, पेशंटनं चार घास खाल्ले म्हणजे आपलं काम दिसलं. नातेवाईकही तेच विचारतात, 'काय खाल्लं आज?' मग पेज, मऊ भात, नाचणीची आंबील असं भरवणं चालतं, ठसका लागतो. शेवटच्या दिवसांत शरीरच अन्न मागत नाही आणि जबरदस्तीनं भरवलेलं श्वासनलिकेत जायची भीती असते, हे आम्हाला नंतर सिस्टरनी सांगितलं.

त्या सिस्टर घरी कन्नड बोलणाऱ्या. आमच्याशी बेळगावी मराठी, अधूनमधून 'हौद्री', म्हणजे 'हो जी'. पहिल्या दिवशी आल्या त्या थेट बीपीला हात न घालता खुर्ची ओढून उशाशी बसल्या. हात एकमेकांवर घासून गरम केले, मग आप्पांच्या मनगटावर ठेवले. 'आप्पा, मी आलोय. आता पाठ बघू का?' असं विचारून थांबल्या. आप्पांना 'हं' म्हणायलाही वेळ लागायचा, तेवढा वेळ त्या खरंच थांबायच्या. माझी बायको दारातून बघत होती, ती तिथंच खाली बसली.

बाकी कामाचं. दुमडलेली चादर पाठीखाली घालून दोघांनी माणूस कसा सरकवायचा, ओल्या गॉजनं तोंड कसं पुसायचं, हे त्यांनी आम्हा भावांना शिकवलं. दुखणं दाबणारी मॉर्फिनची गोळी चार-चार तासांनी घड्याळ लावूनच द्यायची, दुखायची वाट बघायची नाही. पोट साफ व्हायचं औषध पहिल्या दिवसापासून सोबत. झोपेत खंड नको म्हणून डॉक्टरांकडून रात्रीचा डोस दुप्पट लिहून घेतला, तोही त्यांच्या सांगण्यावरून. अमली पदार्थांच्या कायद्यातल्या २०१४ च्या दुरुस्तीनं मॉर्फिन मिळणं सोपं झालं म्हणतात, पण कोपऱ्यावरच्या मेडिकलमध्ये आजही ते मिळत नाही. बहुतेक वेळा मान्यता असलेल्या संस्थेतूनच घ्यावं लागतं. कुठं, कुठल्या कागदावर, हे पॅलिएटिव्हच्या सिस्टरला पाठ असतं. ब्युरोच्या बाईकडून ती अपेक्षाच करू नये.

सिस्टरची उणीव उघड आहे : उरलेले तेवीस तास तुमचे. मुलानं बापाचं अंग पुसायचं म्हटलं की दोघांनाही अवघड होतं, पाठ भरून येते, झोप मोडते. रविवारी त्या यायच्या नाहीत. ज्यांच्या घरात दोन धडधाकट माणसं नाहीत, त्यांना हे झेपेल असं मी म्हणणार नाही.

पण एका रात्री आप्पांच्या घशात घरघर सुरू झाली, तेव्हा घरात कुणी धावपळ केली नाही. असं होईल, हातपाय गार पडतील, श्वास मध्येच थांबून परत सुरू होईल, हे सिस्टरनी आधीच बसवून सांगितलं होतं. फोनवर एवढंच म्हणाल्या, 'एका कुशीवर वळवा, डोकं जरा उंच करा. सक्शन, म्हणजे नळीनं घशातलं ओढून काढणं, नको, त्यानं जास्त त्रास होतो. मी सकाळी येतो.' अशाच प्रसंगी आमच्या गल्लीतल्या दुसऱ्या घरातली बाई घाबरली, ॲम्ब्युलन्स आली आणि माणूस आयसीयूत गेलं. एकदा व्हेंटिलेटर लागला की काढायला डॉक्टरांच्या दोन मंडळांची संमती लागते. सर्वोच्च न्यायालयाचा २०१८ चा निकाल आणि २०२३ मधला बदल धरून कर्नाटकच्या आरोग्य खात्यानं जानेवारी २०२५ मध्ये त्याचं परिपत्रकही काढलंय. वाट आहे, पण काचेबाहेर उभं राहून ती चालायची ताकद कुठल्या घरात असते?

दोन्ही परवडत असेल तर दिवसा सिस्टर आणि रात्रीपुरती बाई, असंही करता येतं. फक्त ब्युरोशी पैशाचं बोलायच्या आधी एक विचारून घ्या : शेवटपर्यंत हीच बाई राहील का? लेखी देत नाहीत. तोंडी तरी घ्या, आणि तिची सुट्टी पडली तर नवी पाठवू नका, त्या रात्री आम्ही जागतो, असं कळवून टाका.