आधी ‘मॅग्नस’ की ‘द पेंटर अँड द थीफ’?

नॉर्वेचे हे दोन्ही माहितीपट बेंजामिन रे या एकाच दिग्दर्शकाचे. दोन्हींत नट नाहीत, माणसं स्वतः म्हणूनच समोर येतात. पण कोण स्वतःला किती उघडं करतं, यात जमीनअस्मानाचा फरक आहे. एकाच संध्याकाळची सवड असेल तर निवड त्यावरूनच करा.

‘मॅग्नस’ (२०१६) आपल्याला जवळचा, कारण गोष्ट चेन्नईला येऊन पोचते. २०१३ मध्ये तिथेच मॅग्नस कार्लसनने विश्वनाथन आनंदला ६.५-३.५ असं हरवून जगज्जेतेपद नेलं. त्या दिवसांत आनंदसाठी जीव टांगणीला लागलेल्यांना पटापलीकडच्या पोराची घालमेल इथे दिसेल. घरच्या जुन्या चित्रफिती गोड आहेत. पण मॅग्नस मुळात अबोल, आणि तेराव्या वर्षी ग्रँडमास्टर झाल्यापासून कॅमेऱ्यांना सरावलेला. तो हवं तेवढंच दाखवतो, बाकीचं वडिलांच्या तोंडून कळतं. शिवाय डावांची उकल फारशी नाही, त्यामुळे बुद्धिबळ खेळणाऱ्यांना चुटपुट लागेल. सव्वा तासात संपतो, मुलांसोबत बघता येतो.

‘द पेंटर अँड द थीफ’ (२०२०) मुलांसोबत नको, त्यात अमली पदार्थांचं व्यसन आहे. बार्बोरा किसिल्कोवा ही ऑस्लोत राहणारी चेक चित्रकर्ती. २०१५ मध्ये एका गॅलरीतून तिची दोन चित्रं चोरीला गेली. चोर सापडला, खटला उभा राहिला, आणि हिने कोर्टात त्यालाच विचारलं, तुझं चित्र काढू का? पुढे स्वतःचं पूर्ण झालेलं चित्र बघून तो गडी हमसून हमसून रडतो. तो चेहरा अभिनयाने आणता येत नाही.

माझं पारडं मात्र त्यानंतर झुकलं. आपण चित्रकर्तीच्या नजरेने चोराकडे बघत असतो, आणि सिनेमा मधेच मागे जाऊन तीच गोष्ट चोराच्या बाजूने सांगू लागतो. ती माझं निरीक्षण करते, पण मीही तिचं करतोय हे विसरते, अशा अर्थाचं तो बोलतो. मग तिची उधारी, तिच्या जोडीदाराची कुरकुर, तिचे जुने घाव, सगळं बाहेर येतं. आपलं घर असं कॅमेऱ्यापुढे मांडायला किती जण तयार होतील? अमेरिकेतल्या सनडान्स चित्रपट महोत्सवात याच्या कथनशैलीला ज्यूरीचा खास पुरस्कार मिळाला. थोडा लांबतो, पण माझं मत यालाच.

दोन्ही नको असतील तर एनआरके या नॉर्वेच्या सरकारी वाहिनीचं २०११ चं, हुर्टिगरुटेन या किनाऱ्याकिनाऱ्याने जाणाऱ्या बोटीचं प्रक्षेपण आहे: बर्गन ते किर्केनेस, सलग १३४ तास. त्यात किनाऱ्यावरची माणसं नुसती हात हलवतात, आणि एका ठिकाणी नॉर्वेची राणी सोन्यासुद्धा.