मेडिकलमध्ये अनफिट: रिव्ह्यू, रिट की पुढची भरती?

दौलतगंजातल्या घरी भाचा भिंतीला पाठ लावून उभा होता. गुडघे जुळवलेले, आणि घोट्यांच्या मधलं अंतर मी शिंप्याच्या टेपने मोजत होतो. "मामा, परत मोज ना." तीनदा मोजलं. एकदा साडेचार सेंटिमीटर आलं, एकदा पाच, एकदा साडेपाच. मर्यादा पाचची. सुरक्षा दलाच्या भरतीच्या मेडिकलमध्ये मिळालेल्या त्याच्या चिठ्ठीवर आकडा नव्हताच. नुसतं 'नॉक नी, अनफिट', म्हणजे गुडघे जुळतात पण घोटे लांब राहतात.

आमच्या ग्वाल्हेर-भिंड-मुरैना पट्ट्यात अशी चिठ्ठी घेऊन मुलगा घरी आला की शेजारीपाजारी पहिला सल्ला देतात, हायकोर्टात जा. मला हा सल्ला घाईचा वाटतो. खरी लढाई रिव्ह्यू मेडिकलमध्येच, म्हणजे फेरतपासणीतच असते, आणि नेमकी तिथेच मुलं हात हलवत जातात.

बीएसएफ, सीआरपीएफसारख्या केंद्रीय दलांत आधी डीएमई म्हणजे सविस्तर तपासणी होते आणि त्यात नापास झाल्यास आरएमई, म्हणजे हाच रिव्ह्यू. निकष गृह मंत्रालयाच्या 2015 च्या सूचनांतले, 2021 मध्ये सुधारलेले. अलीकडे रिव्ह्यू बहुधा लगेच, दुसऱ्याच दिवशी होतो. मग धावपळ करून कागद जमवायला वेळ कुठला? म्हणून तयारी भरतीआधीच हवी. अग्निवीर भरतीत मुलाला मिलिटरी हॉस्पिटलच्या तज्ज्ञाकडे पाठवतात. अधिकारी भरतीत अपील मेडिकल बोर्डासाठी 42 दिवस मिळतात. त्यापुढचा रिव्ह्यू बोर्ड मात्र हक्काचा नाही, तो मंजूर झाला तरच.

रिव्ह्यूत दोन गोष्टी मागायच्या. हाडाचा प्रश्न असेल तर हाडाच्या डॉक्टरने तपासावं, डोळ्याचा असेल तर डोळ्याच्या. आणि मोजलेला आकडा कागदावर लिहून मिळावा. नम्रपणे मागा, पण मागाच. बाहेरच्या डॉक्टरचा 'फिट' दाखला सोबत असू द्या, पण त्याच्यावर विसंबू नका. सैन्याचा निकष साध्या नोकरीपेक्षा कडक असतो, हे न्यायालयंही मान्य करतात.

आता रिट, म्हणजे हायकोर्टातली याचिका. जो अजून भरतीच झालेला नाही, त्याला सैन्याचा कायदा लागू नसतो. त्यामुळे सशस्त्र सेना न्यायाधिकरणाचं दार सहसा उघडत नाही; अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयात जावं लागतं. घर ग्वाल्हेरला आहे एवढ्यावर इथल्या खंडपीठात दाद मागता येत नाही. वादाचं कारण, निदान काही अंशी, इथे घडलेलं हवं. मेडिकल ग्वाल्हेरजवळच्या टेकनपूरला झालं असेल तर अडचण नाही.

न्यायाधीश गुडघे मोजत बसत नाहीत. तपासणी कशी झाली, ते पाहतात. दिल्ली उच्च न्यायालयाने 2024 च्या एका निकालात हे बरंच स्पष्ट केलं: डीएमई आणि आरएमईच्या निष्कर्षांत ठळक तफावत असेल, किंवा गरज असूनही तज्ज्ञाने तपासलंच नसेल, तर हस्तक्षेपाला जागा आहे. हा निकाल ग्वाल्हेरवर बंधनकारक नाही, पण वकिलाला तो पुढे ठेवता येतो. जिंकलात तरी बहुतेक वेळा नोकरी मिळत नाही, नव्या बोर्डाचा आदेश मिळतो. म्हणून पहिल्याच तारखेला एक जागा रिकामी ठेवण्याची विनंती करायला सांगा, नाहीतर निकाल येईपर्यंत भरती आटोपते. मुली आणि अनुसूचित जाती-जमातीच्या मुलांना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळू शकतो. विधी सेवा प्राधिकरणात विचारा.

भाच्याच्या मुरैनाच्या मित्राने रिट केली, आणि योग्यच केलं. पहिल्या चिठ्ठीत पायाच्या फुगलेल्या शिरा, दुसरीत सपाट तळवे! शिरांचा उल्लेखही नाही. त्याला नवा बोर्ड मिळाला आणि तो फिट ठरला.

तिसरी वाट पुढच्या भरतीची. हायड्रोसील, मूळव्याध, कानातला मळ, वाढलेलं वजन, असं बरं होणारं काही असेल तर कोर्टात पैसे घालण्यापेक्षा आधी उपचार करा. इथे खरा हिशेब वयाचा. एसएससी जीडीला, म्हणजे केंद्रीय दलांच्या शिपाई भरतीला, खुल्या वर्गासाठी 23 ची मर्यादा आहे, ओबीसींना तीन आणि अनुसूचित जाती-जमातींना पाच वर्षांची सूट. एकविसाव्या वर्षी ही वाट मोकळी असते, तेविसाव्याला बंद होत आलेली.

भाच्याला मात्र ही वाटही नव्हती. या वयात गुडघे व्यायामाने सरळ होत नाहीत आणि ऑपरेशन करून हाडात प्लेट बसवली तर तीच आड येते. रिव्ह्यूत त्याने हाडाचा डॉक्टर मागितला, मिळाला. त्या डॉक्टरांनी दोनदा मोजून 'सहा सेंटिमीटर' लिहून दिलं. आम्ही कोर्टात गेलो नाही. तो रात्रभर रडला, मीही जागाच होतो. आता तो पटवारीच्या परीक्षेला बसतोय. त्याच्या दोन्ही चिठ्ठ्या मी कपाटात जपून ठेवल्या आहेत. कोणी मुलगा विचारायला आला की दोन्ही समोर ठेवतो, म्हणजे आकडा नसलेला कागद आणि आकडा असलेला कागद यांतला फरक त्याला दिसतो.