पन्न्याच्या रानात पारध्यांच्या मागोमाग

मध्य प्रदेशातील पन्ना व्याघ्र प्रकल्पाच्या लगतच्या रानात पारधी तरुण पर्यटकांना पायी फिरवतात. खजुराहोला जाणाऱ्यांनी जिप्सीतील सफारी एक वेळ कमी करावी, पण एक सकाळ या फेरीसाठी जरूर राखून ठेवावी, असे मला मनापासून वाटते.

जिप्सीत बसलेल्या माणसाची नजर वाघाच्या शोधात दूरवर लागलेली असते. येथे ती पायाखालच्या मातीवर आणावी लागते. सांबर निवांत चरत गेले की दचकून पळाले, हे आमच्या वाटाड्याने ओल्या मातीतील खुरांवरून सांगितले. मग ओठांशी हात नेऊन त्याने तित्तराची साद घातली, आणि झुडपाआडून खऱ्या तित्तराने तिला उत्तर दिले. ही विद्या मूळची फासे लावणाऱ्यांची आहे. वाळवी चारून माणसाळवलेला तित्तर पिंजऱ्यातून रानात न्यायचा, त्याच्या आवाजावर रानातला नर भांडायला धावून येतो आणि भोवती मांडलेल्या फाशांत अडकतो. वाटाड्याच्या वडिलांनी शिकार सोडली तरी आपला बोलका तित्तर विकला नाही. तो मरेपर्यंत त्याच्यासाठी ते रोज वारूळ उकरायला जात असत. हे ऐकताना मला शिकवलेल्या गाईच्या आडोशाने हरणांपर्यंत पोहोचणारे आपल्याकडचे गाय-पारधी आठवले.

शिकारीमुळे २००९ पर्यंत पन्न्यातील वाघ संपले होते आणि त्याच वर्षी बांधवगड, कान्हा व पेंच येथून वाघ आणून पुन्हा सुरुवात करावी लागली. त्या काळात संशयाचे बोट पारध्यांकडेही वळले होते. १८७१ च्या कायद्याने माथी मारलेला ‘गुन्हेगार’ हा शिक्का कागदावरून १९५२ मध्ये पुसला गेला, पण लोकांच्या मनातून नाही. त्यामुळे याच समाजातील मुलगा ताठ मानेने पुढे चालतो आहे आणि आपण त्याच्या पावलावर पाऊल टाकत आहोत, याचे मोल मला फार वाटते.

नोंदणी मी शहरातील एका मध्यस्थामार्फत केली, ही चूक झाली. पूर्ण बूट आणि पाणी सोबत हवे, हेसुद्धा त्याने कळवले नाही. गटही मोठा होता. चौघांहून अधिक माणसे असली की मागच्यांना वाटाड्याचे बोलणे ऐकू येत नाही आणि पाखरे आधीच उडून जातात. वाटाडे पर्यटकांशी हिंदीत बोलतात. आपसांत मात्र त्यांची पारधी बोली चालते आणि तिच्यातले काही शब्द गुजरातीसारखे कानावर पडतात. त्या बोलीत प्रत्येक पाखराला काय म्हणतात, हे मी विचारून वहीत उतरवून घेतले.