हेबियस टाकायची की ताब्याचा दावा? सीमाभागातल्या नवरा-बायकोसाठी

बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूरची सून भांडून कोल्हापूर जिल्ह्यातल्या चंदगडला माहेरी गेली आणि जाताना चार वर्षांचं पोरही घेऊन गेली, की चार दिवसांत नवऱ्याला सल्ला मिळतोच : "धारवाडला हेबियस टाक, पोलीस आणून उभी करतील." सल्ला देणाऱ्याचं काय जातंय? हेबियस, म्हणजे हेबियस कॉर्पस : बेकायदा अडकवलेल्या माणसाला कोर्टापुढे हजर करा, अशी हायकोर्टातली याचिका.

बायको परत यावी म्हणून हेबियस टाकणं म्हणजे पैसे पाण्यात. कोर्ट तिलाच विचारतं. "मी माझ्या मर्जीनं आईकडे आहे," असं सज्ञान बाईनं सांगितलं की याचिका निकाली. नांदायला येण्यासाठी हिंदू विवाह कायद्याच्या कलम ९ चा दावा आहे, पण तो जिंकला तरी तिला कुणी धरून आणत नाही. प्रेमविवाह केला म्हणून घरच्यांनीच मुलीला कोंडून ठेवलं असेल, तर मात्र हेबियस हेच खरं हत्यार. जवळचा रस्ताही आहे : भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (जुन्या सीआरपीसीच्या जागी आलेल्या) कलम १०० खाली मॅजिस्ट्रेटकडून झडतीचं वॉरंट.

मुलाचं गणित वेगळं. पाच वर्षांखालचं मूल साधारणपणे आईकडेच राहावं, असं १९५६ चा हिंदू पालकत्व कायदा सांगतो. त्यामुळे वरच्या नवऱ्याची हेबियस लंगडीच. तेच सासूनं सुनेला बाहेर काढून अंगावरचं पोर ठेवून घेतलं असेल, तर आईची याचिका भक्कम. सुप्रीम कोर्टानं २०१९ मध्ये तेजस्विनी गौड प्रकरणात म्हटलं, की मूल बेकायदा अडकवलं असेल तरच हेबियस; बाकी वाद १८९० च्या पालक व पाल्य कायद्याखाली न्यावा. त्या प्रकरणात आई वारल्यावर मूल मावशीकडे होतं, आणि ताबा बापाला मिळाला. म्हणजे समोर दुसरा पालक नसेल तर चित्र पालटतं.

वेग हवा तर हेबियस, कारण ती प्रतिज्ञापत्रांवर चालते. पण मारहाण, दारू, कोण कसं सांभाळतं, हे साक्षीपुराव्यानं शाबीत करायचं तर ताब्याचा दावाच. तो रखडतो, हे खरं. म्हणून पहिल्याच तारखेला भेटीच्या अंतरिम हुकमाचा अर्ज द्यावा.

आता हद्द. बेळगावसाठी कर्नाटक हायकोर्टाचं धारवाड खंडपीठ, चंदगडसाठी ऑगस्ट २०२५ पासून मुंबई हायकोर्टाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच. वादाचं कारण अंशतः बेळगावकडे घडलं असेल तर धारवाडलाही जाता येतं, पण मूल चंदगडला असेल तर माझं मत कोल्हापूरचं, कारण तिथले पोलीस त्याच कोर्टाच्या हुकमाखाली. ताब्याचा दावा मात्र मूल नेहमी जिथं राहतं तिथं चालतो, म्हणून शाळेचं बोनाफाईड, अंगणवाडीची नोंद आधी हाताशी ठेवा. कागद मराठी असतील तर भाषांतरही करून घ्या. आधी टाकलेली केस याचिकेत लपवू नका. उघडकीला आली की कोर्टाचा विश्वास तिथंच उडतो.

फीची चिंता असलेल्या बाईनं थेट जिल्हा कायदेविषयक सेवा प्राधिकरणात जावं. तिथं बाईला मोफत वकील मिळतो, उत्पन्न कितीही असो.