याचिका मागे घेताना वकील असा हवा

खासगी अनुदानित शाळांतून निवृत्त झालेल्या आणि वसुलीचा कागद हातात पडलेल्या माझ्यासारख्यांसाठी लिहितेय. मी परळच्या एका शाळेत लिपिक होते. वेतननिश्चिती चुकली, जादा गेलेला पगार परत करा, असा आदेश आला. वर्ग 3 आणि 4 च्या कर्मचाऱ्यांकडून अशी वसुली करू नये, हे सर्वोच्च न्यायालयाने 2014 मध्ये रफिक मसीह निकालात सांगितलंय. त्याच आधारावर उच्च न्यायालयात याचिका केली, स्थगिती मिळाली. मग खात्याने जुना आदेश रद्द करून, वेगळी कारणं देत नवा काढला, म्हणजे जुन्या आदेशाविरुद्धच्या याचिकेला अर्थ उरला नाही.

आधीचे वकील म्हणाले, "मागे घेऊ, नवीन टाकू." एवढंच. मैत्रिणीने फोर्टातल्या एका वकील मॅडमकडे नेलं. त्यांनी फाइल पूर्ण वाचली आणि म्हणाल्या, "काकू, नुसती मागे घेतली तर याच विषयावर परत येता येणार नाही." दिवाणी दाव्यांना दिवाणी प्रक्रिया संहितेतला आदेश 23, नियम 1 लागतो: कोर्टाची मुभा न घेता दावा मागे घेतला, तर त्याच विषयावर नवा टाकता येत नाही. तेच तत्त्व 1986 च्या सरगुजा ट्रान्सपोर्ट निकालाने रिट याचिकांनाही, म्हणजे सरकारी आदेशाविरुद्ध उच्च न्यायालयात केलेल्या माझ्यासारख्या याचिकांनाही लावलं. म्हणून नव्याने दाखल करण्याची मुभा मागायची आणि ती ऑर्डरमध्ये लिहून घ्यायची. माझ्या पेन्शनचा प्रश्न होता, पण हे इतकं सोपं करून तोवर कुणी सांगितलंच नव्हतं.

मॅटर पुकारलं तेव्हा मी मागच्या बाकावर होते. न्यायमूर्ती ऑर्डर सांगत असतानाच मॅडमनी विनंती केली, की नव्या आदेशाचा क्रमांक आणि तारीख त्यात यावी, म्हणजे मुभा कशासाठी यावर पुढे वाद नको. याचिका गेली की स्थगितीही जाते, हे ओळखून नवी दाखल होईपर्यंत वसुली थांबवण्याचीही मुदत मागितली. दोन्ही मिळालं. संध्याकाळी ऑर्डर वेबसाइटवर आल्यावर फोनवर ओळ न् ओळ वाचून दाखवली. शब्द राहिला असता तर 'स्पीकिंग टू द मिनिट्स'साठी, म्हणजे ऑर्डरमधली चूक दुरुस्त करून घेण्यासाठी, प्रेसिपी (कोर्टाला द्यायचा लेखी विनंतीचा कागद) द्यावी लागली असती, तीही त्यांनी तयार ठेवली होती.

मुभा म्हणजे जिंकणं नव्हे, समोरच्याचे सगळे मुद्दे खुले राहतात आणि उशीर केला तर तोही अंगाशी येतो, हेही स्पष्ट सांगितलं. नवी याचिका त्यांनी मुदतीच्या आत दाखल केली.

उणं काय? नव्या याचिकेची फी वेगळी पडते आणि कोर्ट फीसुद्धा परत भरावी लागते. ऑफिस तिसऱ्या मजल्यावर, लिफ्ट नाही; गुडघे दुखणाऱ्यांनी ज्युनिअरला सांगितलं तर ती खाली येऊन कागद घेते. दिवसा फोन उचलत नाहीत, कोर्टात असतात. साडेपाचनंतर जा आणि आतापर्यंतच्या सगळ्या ऑर्डरच्या प्रती सोबत न्या, त्या पहिल्यांदा तेच मागतात.