भाच्यासाठी बोर्ड निवडायचंय? मी फक्त इतिहासाची पुस्तकं उघडली

ताईचा मुलगा यंदा चौथी संपवतोय. घराजवळच्या शाळेत, राज्य मंडळाला, सेमी-इंग्रजीत. पाचवीला त्याला हायवेकडच्या सीबीएसई शाळेत घालायचं का, यावर महिनाभर घरात खल चाललाय. गणित, विज्ञान, पुढे जेईई-नीट, फी, बस, सगळ्यांची मतं ठाम आहेत. इतिहासाचं नाव कुणी काढत नाही. काढलंच तर दाजी एवढंच म्हणतात, "तिकडं महाराज नाहीत म्हणे."

एका वाक्यावर निकाल नको, म्हणून बालभारतीची (राज्य मंडळाची) आणि एनसीईआरटीची (सीबीएसई शाळांत चालतात ती) पुस्तकं मोबाइलवर उतरवून घेतली. दोन्हीकडची फुकट मिळतात. चार रविवार त्यात गेले. शेवटी असं वाटलं की कुठल्या बोर्डाचा इतिहास चांगला, हा प्रश्नच चुकीचा आहे. दोन्हीकडे मोठाली भोकं आहेत. त्यातली कुठली आपल्याला घरी बुजवता येतील, ते बघायचं.

दाजींचं वाक्य निम्मं खरं आहे. राज्य मंडळात चौथीचं परिसर अभ्यासाचं दुसरं पुस्तक म्हणजे शिवछत्रपती. 'शर्थीने खिंड लढवली', 'बादशहाच्या हातावर तुरी दिल्या', 'गड आला पण सिंह गेला' ही धड्यांची नावं ताईच्या आणि माझ्या पिढीला अजून तोंडपाठ आहेत. सीबीएसईत या वयाला इतिहास असा वेगळा नसतोच, परिसर अभ्यासातच सगळं. पण भाच्याची चौथी होत आली आहे. त्याला जे मिळायचं ते मिळालं. आणि 2025 साली आलेल्या एनसीईआरटीच्या आठवीच्या नव्या पुस्तकात मराठ्यांवर स्वतंत्र प्रकरण आहे. त्यातल्या नकाशात जैसलमेर मराठा सत्तेत दाखवलं म्हणून राजस्थानातून ओरड झाली, आणि एनसीईआरटीला तज्ज्ञांची समिती नेमावी लागली. म्हणजे 'तिकडं महाराज नाहीत' ही तक्रार आता जुनी झाली.

उलट मुघलांच्या बाबतीत दोन्हीकडे कात्री चालली आहे, फक्त पद्धत वेगळी. राज्य मंडळाने 2017 साली सातवीचं पुस्तक बदललं. सुलतानशाही, विजयनगर, बहमनी, मुघल हे सगळं 'शिवपूर्वकालीन भारत' नावाच्या एका धड्यात बसवलं. नाव बघा: आग्र्यात अकबर राज्य करतोय, पण तो 'शिवपूर्वकालीन'. एनसीईआरटीने 2025 च्या सातवीच्या पुस्तकातून सुलतानशाही आणि मुघल काढले आणि नव्या आठवीत एका प्रकरणात घेतले. ताजमहालासमोर उभं राहून पोरानं चार प्रश्न विचारले तर दोन्हीपैकी कुठलंही पुस्तक फारसं कामाला येणार नाही. या मुद्द्यावर बोर्ड निवडू नका, बरोबरीच आहे.

एकच घटना, दोन पुस्तकं

मी सोलापूरचा, म्हणून सोलापूरच शोधलं. मे 1930. गांधीजींना अटक झाली आणि इथले गिरणी कामगार रस्त्यावर आले. पोलीस चौक्या, कोर्ट, रेल्वे स्टेशन यांवर हल्ले झाले, मग मार्शल लॉ.

राज्य मंडळाच्या आठवीत, 'सविनय कायदेभंग चळवळ' या धड्यात, सोलापूरला स्वतःची जागा आहे. फाशी गेलेल्या चौघांची नावं आहेत: मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे. इथलं पोर रोज ज्या चार हुतात्मा पुतळ्यांवरून शाळेत जातं, ते चौघं त्याला पुस्तकात भेटतात. त्याच धड्यात धारासना आहे, बाबू गेनू आहे. आधीच्या धड्यात मुळशी सत्याग्रह, धरणाविरुद्ध शेतकऱ्यांनी केलेला. पुस्तक आपल्या मातीतलं आहे, यात वाद नाही. पण ते वाचताना वाटतं की सगळा देश एका सुरात उठला आणि एकाच कारणासाठी.

एनसीईआरटीच्या दहावीत सोलापूर एका वाक्यात येतं. नाव एकाचंही नाही, नुसते 'कामगार'. मी थोडा चिडलोच. पण पुढे वाचत गेलो आणि चीड जरा निवली, कारण ते प्रकरण असे प्रश्न विचारतं जे मला शाळेत कुणी विचारले नव्हते. 'स्वराज्य' या शब्दाचा अर्थ कुणाला काय लागला? अवधच्या शेतकऱ्याला तो जमीनदाराच्या जाचातून सुटका असा लागला. आंध्रातल्या गुडेम डोंगरातल्या आदिवासींना, अल्लुरी सीताराम राजूंच्या मागे जाताना, जंगल परत मिळणं असा. आसामच्या मळ्यातल्या मजुराला, ज्याला 1859 च्या कायद्याने परवानगीशिवाय मळा सोडायला बंदी होती, तो गावी परत जाणं असा लागला. हजारो मजूर मळे सोडून निघाले, वाटेत अडकले, पोलिसांनी धरून मारलं. मग पुस्तक असंही विचारतं की सविनय कायदेभंगात कामगार मोठ्या संख्येनं का उतरले नाहीत, दलित आणि मुसलमान समाजातले अनेकजण लांब का राहिले. आंबेडकर तिथे पुणे कराराच्या, म्हणजे दलितांच्या राखीव जागांवर गांधीजींशी झालेल्या 1932 च्या तडजोडीच्या, संदर्भात येतात.

राज्य मंडळात आंबेडकर 'समतेचा लढा' या वेगळ्या धड्यात आहेत. महाडचं चवदार तळं, नाशिकचं काळाराम मंदिर, शिवाय शेतकरी, कामगार, स्त्रिया. तपशील भरपूर. पण धडा वेगळा काढला की मुलाच्या डोक्यात स्वातंत्र्याचा लढा एका कप्प्यात आणि समतेचा दुसऱ्या कप्प्यात जातो, आणि दोन्हींचं आपसात भांडण होतं हे त्याला कळतच नाही. एकीकडे नावं आहेत, दुसरीकडे प्रश्न आहेत. मला विचाराल तर नावं घरी सांगता येतात. पुतळ्याखाली उभं राहून अर्ध्या तासात होतात. प्रश्न घरी सांगणारा मामा प्रत्येकाला मिळेलच असं नाही.

मराठवाड्यात राहणाऱ्यांनी मात्र थोडा वेगळा विचार करावा. निजामाच्या राजवटीचा शेवट, सप्टेंबर 1948 ची पोलीस कारवाई, जुनागड, काश्मीर, 1961 साली मुक्त झालेला गोवा, आणि 1 मे 1960 चा महाराष्ट्र, हे सगळं राज्य मंडळाच्या आठवीच्या शेवटच्या धड्यांत आहे. सीबीएसईत हैदराबादची रीतसर भेट बारावीच्या राज्यशास्त्रात होते, तीही तो विषय घेतला तर. नांदेड-परभणीच्या घरात आजोबा-पणजोबा रझाकारांच्या, म्हणजे निजामाच्या बाजूच्या सशस्त्र टोळ्यांच्या, गोष्टी सांगत असतील तर ठीक. ती पिढी आता फार उरली नाही.

नववी-दहावी: इथे वाटा खरोखर फुटतात

एनसीईआरटीची नववी (मी वाचली ती 2006 पासून चालत आलेली, आता नवी रांगेत आहे) फ्रेंच राज्यक्रांतीपासून सुरू होते. मग रशिया, मग हिटलर, मग जंगलं आणि भटके पशुपालक. त्यात आपले धनगरही आहेत. कोकणात उतरून भातकापणीनंतरच्या शेतात मेंढरं बसवणारे. हिटलर आपल्याकडे फक्त हट्टी माणसाला हाक मारायला वापरतात. निवडणुका घेणारा देश 1929 च्या मंदीनंतर चार वर्षांत तिथे कसा पोचला, हे चौदाव्या वर्षी वाचणं मोलाचं आहे, आणि ते घरी कुणी शिकवत नाही. राज्य मंडळात युरोपातल्या क्रांत्या आठवीच्या 'युरोप आणि भारत' या एका धड्यात उरकल्या आहेत.

राज्य मंडळाची नववी मात्र 1960 नंतरचा भारत शिकवते: युद्धं, आणीबाणी, पंजाब-ईशान्येतले प्रश्न, हरितक्रांती, बदलतं घर आणि खाणं. सीबीएसईच्या मुलाचा इतिहास 1947 च्या आसपास थांबतो.

आणि दहावी. या पुस्तकाबद्दल मी कुणाला चांगलं बोलताना ऐकलं नाही. पालक म्हणतात, यात इतिहासच नाही. खेळ, पर्यटन, सिनेमा कसले शिकवता? पहिले दोन धडे वाचा. इतिहास लिहितं कोण, कशाच्या आधारावर, का? युरोपातले विचारवंत व्हॉल्टेअर, रांके, मार्क्स, फुको. आपल्याकडे कल्हण, बखरी, राजवाडे, पुढे वंचितांचा आणि स्त्रियांचा इतिहास. मोबाइलवर रोज दोन खोटे इतिहास येऊन पडतात, त्या वयात हे हवंच. दुःख एवढंच की परीक्षेत त्याची 'चुकीची जोडी ओळखा' होते. इतिहास-राज्यशास्त्र मिळून 40 गुण, पोरं फुकोचं नाव एका पुस्तकाशी जोडतात आणि पुढे जातात. सीबीएसईत इतिहासाला 80 पैकी 20 च, पण उतारा देऊन त्यावर विचारतात, त्यामुळे थोडं तरी वाचावं लागतं.

आयसीएसईचा विचार करत असाल तर दोन ओळीत: हडप्पा ते मुघल नववीत, 1857 ते स्वातंत्र्य आणि दोन महायुद्धं दहावीत, सगळं ओळीनं. इतिहासाचा स्वतंत्र 80 गुणांचा पेपर नागरिकशास्त्रासह. घोकंपट्टी जास्त, पण सलग गोष्ट हवी असेल तर तिथेच मिळते.

मधेच बोर्ड बदलणाऱ्यांसाठी

हे कुणी सांगत नाही म्हणून मुद्दाम लिहितो. सीबीएसईतून सातवी करून मूल राज्य मंडळाच्या आठवीत आलं, तर नव्या पुस्तकांच्या रचनेत त्याचे सुलतान, मुघल आणि मराठे, तिन्ही बुडतात. तिकडे ते आठवीत येणार असतात, इकडे सातवीत होऊन गेलेले असतात. बाराव्या शतकातून पोर थेट ब्रिटिशांकडे उडी मारतं. बदलीच्या नोकरीतल्या लोकांनी त्या उन्हाळ्यात बालभारतीचं सातवीचं पुस्तक घरी वाचून घ्यावं.

उलट दिशेनं, राज्य मंडळाची आठवी करून नववीला सीबीएसई, ही उडी इतिहासापुरती सगळ्यात फायद्याची. मराठे झाले, सोलापूरचे चौघं झाले, महाराष्ट्र झाला, आणि पुढे दोन वर्षं जग. 1960 नंतरचा भारत आणि दहावीचे ते दोन धडे सुटतात. त्यांची पुस्तकं मोबाइलवर आहेतच. मात्र हे नववीतच. दहावीत थेट प्रवेश सहसा देत नाहीत.

दोन्ही मंडळांची पुस्तकं बदलायच्या घाईत आहेत. राज्यात 2025 पासून पहिलीपासून नवं सुरू झालंय. तेव्हा प्रवेश घ्याल त्या वर्षीची अनुक्रमणिका एकदा बघून घ्या, माझ्यावर जाऊ नका.

ताईला हे सगळं फोनवर सांगितलं. दाजी मागून ऐकत होते. ती म्हणाली, "पण नववीत त्या शाळेत जागा तरी असते का रे?"

ते मी विचारलंच नव्हतं. सोमवारी जाऊन येतो.