मांजराच्या तोंडातील गाठ: लेझर की नेहमीची शस्त्रक्रिया?

मांजराच्या तोंडात गाठ आढळल्यावर ‘लेझरने काढू, फारसे रक्तही येणार नाही’ असे कानावर पडले की जिवाला हायसे वाटते. परंतु शस्त्रक्रियेतील लेझर हेही स्केलपेलसारखेच (शस्त्रक्रियेच्या धारदार सुरीसारखेच) कापण्याचे साधन असल्यामुळे, गाठ कशाची आहे आणि ती हाडात उतरली आहे का, हे कळल्याशिवाय या दोहोंची तुलना करण्यात अर्थ नाही.

मांजरांच्या तोंडातील घातक गाठींपैकी साधारण दोन तृतीयांश ‘स्क्वॅमस सेल कार्सिनोमा’ (तोंडाच्या आतील अस्तराच्या पेशींचा कर्करोग) या प्रकारच्या असतात. मात्र इओसिनोफिलिक ग्रॅन्युलोमा (कर्करोग नसलेली, दाहामुळे येणारी गाठ) किंवा हिरड्यांची जुनाट सूजही वरवर पाहता तशीच दिसू शकते. त्यामुळे आधी गाठीचा तुकडा प्रयोगशाळेत तपासून घ्यावा आणि शक्य असल्यास डोक्याचा सीटी स्कॅन करावा. गाठीजवळचा एखादा दात अकारण हलू लागला असेल, तर हाडाबद्दल विशेष शंका घ्यावी.

कार्बन डायऑक्साइड लेझरचा किरण ऊतींमधील पाण्यात शोषला जातो, पेशींची वाफ होते आणि सुमारे अर्ध्या मिलिमीटरपर्यंतच्या रक्तवाहिन्या कापतानाच बंद होत जातात. जीभ आणि हिरड्यांना रक्तपुरवठा भरपूर असतो, त्यामुळे तिथे हा फायदा खरोखर मोठा आहे. स्केलपेलने कापताना रक्तस्राव अधिक होतो, पण काढलेल्या तुकड्याच्या कडा स्वच्छ राहतात. लेझरने त्या करपतात आणि गाठ पूर्ण निघाली की नाही हे सूक्ष्मदर्शकाखाली ठरवणे अवघड जाते. शिवाय भूल देताना श्वासनळीत घातलेल्या नळीतून ऑक्सिजन वाहत असतो आणि किरण तिच्यावर पडल्यास ती पेट घेऊ शकते. ती ओल्या गॉझने कशी झाकणार, हे डॉक्टरांना निःसंकोच विचारावे.

गाठ साधी, लहान आणि मऊ ऊतीपुरतीच असेल, तर अनुभवी हातातील लेझरला माझी पसंती राहील. कार्सिनोमा जबड्यात शिरला असेल, तर मात्र लेझरने वरचा भाग जाळून मूळ आतच राहते आणि गाठ पुन्हा वाढते. गाठ खालच्या जबड्याच्या पुढच्या टोकाशी व लहान असल्यास हाडासह तो भाग काढण्याचा विचार होतो, परंतु त्यानंतर काही मांजरांना दीर्घकाळ अन्ननलिकेत बसवलेल्या नळीवाटे भरवावे लागते. घरात ते कोण करणार, हे आधीच ठरवायला हवे. जिभेखाली खोलवर पसरलेल्या गाठीवर यांपैकी कोणतेच साधन सहसा पुरे पडत नाही. या कर्करोगात एक वर्ष जगणाऱ्या मांजरांचे प्रमाण दहा टक्क्यांहूनही कमी आहे. अशा वेळी वेदनाशमन, पोषण आणि सोय असल्यास वेदना कमी करण्यापुरते किरणोपचार, हाच मला अधिक दयाळू मार्ग वाटतो. वेदनाशामक पशुवैद्यांनी मूत्रपिंडे तपासून दिलेलेच असावे. घरातील पॅरासिटामॉल मांजराच्या जिवावर बेतते.

सूज व दुखणे कमी करण्यासाठी वरून फिरवला जाणारा सौम्य लेझर हा निराळा उपचार आहे आणि कर्करोगाच्या गाठीवर तो वापरू नये. खर्च विचारताना ‘लेझर’ म्हणजे नेमका कोणता, हे स्पष्ट करून घ्यावे आणि काढलेली गाठ तपासणीला पाठवण्याचा खर्च त्यात धरला आहे का, तेही पाहावे.